वड्याला गुंडाळलेलं बीजगणित

१

दहावीच्या सराव परीक्षेची बीजगणिताची प्रश्नपत्रिका फुटली ती माझ्या हातात. आत वडा होता.

शुक्रवारची दुपार. देवळाली प्रवरेत आमच्या शाळेच्या फाटकाशी रामची वडापावची गाडी असते. त्याची बायको रस्त्यापलीकडं दुकान सांभाळते, राम इकडं कढई सांभाळतो. मला डॉक्टरांनी तळलेलं बंद केलंय, म्हणून मी दवाखान्याकडं पाठ करून खातो. वडा संपला, कागद उरला. चाळीस वर्षं मराठी शिकवलेल्या माणसाला छापलेलं काही दिसलं की तो त्यात चूक शोधतो. पहिल्या प्रश्नात चूक नव्हती. दुसऱ्यात नव्हती. मग वर पाहिलं. आमच्याच शाळेचं नाव, 'इयत्ता दहावी, बीजगणित', आणि तारीख येत्या सोमवारची.

कागदावरची चटणी पुसून मी तडक संस्थेचे अध्यक्ष अण्णासाहेब यांच्याकडं गेलो. त्यांनी कागद चिमटीत धरला, वास घेतला आणि विचारलं, "रामचा?"

"रामचा."

"पेपर कुणी काढलाय?"

"स्टेला भिंगारदिवे मॅडमनी."

"त्या शिक्षणसेवक ना अजून?"

"हो. पुढच्या महिन्यात कायम व्हायच्या आहेत."

"व्हायच्या होत्या," अण्णासाहेब म्हणाले. "उद्या चारला बैठक घेतो. तोपर्यंत चौकशी समितीनं अहवाल द्यावा."

"समितीत कोण कोण?"

"तुम्ही."

"आणि?"

"आणि कशाला? निवृत्त माणूस म्हणजे पूर्ण समितीच असते."

२

समिती प्रथम रामकडं गेली.

"रद्दी कुठली वापरतोस, राम?"

"शाळंचीच की, गुरुजी. सत्यवानभाऊ देतो. जुन्या उत्तरपत्रिका. त्याच्यात वडा लई भारी बसतो."

"ही उत्तरपत्रिका नाहीये."

"मला काय ठावं? मी कागुद वाचत न्हाई, गुंडाळतो. वाचत बसलो तर घाना करपंल."

गाडीवरच्या गठ्ठ्यात दुसरं पानही सापडलं, अजून कोरडं. म्हणजे प्रश्नपत्रिका अख्खी होती. दहावीतल्या एखाद्या पोराच्या आधी मला भूक लागली, एवढंच शाळेचं नशीब.

सत्यवान आमचा शिपाई. गोपनीय कपाटाची किल्ली त्याच्याकडं असते. त्यानं सदरा वर करून दाखवली. "करगोट्याला हाय, गुरुजी. आंघूळ करतानापन सोडत न्हाई. आन् पाकिटांची सीलं बगा, हाय तशी हायती."

सीलं खरोखरच शाबूत होती.

"रामला रद्दी तूच देतोस?"

"व्हय, देतो. शेवटची दिवाळीच्या आदी दिली. ह्या पेपराचा तवा जनमबी झाला न्हवता." आपण निर्दोष ठरलो, पण पेपर तिथं गेला कसा हे आणखीच कळेनासं झालं, हे त्याच्याही लक्षात आलं.

स्टेला मॅडम स्टाफरूममध्ये वह्या तपासत बसल्या होत्या. एकाच वहीवर लाल पेन मघापासून थांबलेलं होतं. मूळच्या बेलापूरच्या. नोकरी पक्की होणार म्हणून जूनमध्ये आईला, मार्थाबाईंना, इथं भाड्याच्या घरात घेऊन आल्या होत्या.

"पेपर मी स्वतः टाईप केला, सर. शाळा सुटल्यावर वरच्या दहावीच्या वर्गात बसून, दार लावून. इथं स्टाफरूममध्ये बसलं की मागं चारजण उभे राहून वाचतात. एकच प्रिंट निघाली. तिच्या प्रती इथंच काढल्या आणि सत्यवानभाऊंच्या समोर कपाटात ठेवल्या."

"दुसऱ्या कुणाला दाखवला?"

"आईलासुद्धा नाही. तिनं विचारलं होतं, कसला पेपर काढतेस? मी म्हटलं, गोपनीय आहे. तेव्हापासून ती माझ्याशी कमी बोलते." त्या हसल्या, पण हसू पुरं झालं नाही. "सर, नुसतं काढून टाकलं तर दुसरीकडं अर्ज करीन. पण 'पेपर फोडला' असं लिहून काढलं, तर कुठली शाळा मला दारात उभी करेल?"

समितीनं धनश्रीला फोन केला.

धनश्री माझी विद्यार्थिनी. सुप्याच्या एमआयडीसीतल्या कारखान्यांमध्ये वायफाय तपासत हिंडते. कुणी चोरून आपलं यंत्र लावलंय का, हवेतून कुणी कुणाचं ऐकतंय का, हे शोधायचं, असं काम. शाळेत असताना ती बाकाखाली ट्रान्झिस्टर खोलून बसायची आणि मी तिला बाहेर काढायचो. शनिवारी सकाळी ती मोटारसायकलवरून आली, पाठीवर धोपटी.

आल्या आल्या तिनं वड्याचा कागद आणि सीलबंद पाकिटातली एक प्रत शेजारी शेजारी खिडकीच्या काचेवर धरली. बराच वेळ बघत राहिली.

"सर, शाळेच्या प्रतीला डाव्या कडेला एक बारीक काळी रेघ आहे. दिसतेय?"

"तशी रेघ आमच्या प्रत्येक कागदाला असते. प्रिंटरच्या आत ओरखडा पडलाय. माझ्या निरोपाच्या मानपत्रालाही होती."

"वड्याच्या कागदाला ती नाहीये." तिनं दोन्ही कागद खाली घेतले. "सर, हा कागद या शाळेत छापलेलाच नाही."

३

ऑफिसात आमचा प्रिंटर आहे. दसऱ्याला त्याची पूजा होते, त्यामुळं त्याच्या कपाळावर हळदीकुंकू आहे, आणि वाळलेलं झेंडूचं फूल काढायचा धीर अजून कुणाला झालेला नाही. धनश्री त्याला न्याहाळत असताना सत्यवाननं पुजाऱ्याच्या सुरात माहिती दिली.

"लांबून सांगितलं तर ह्यो ऐकत न्हाई, ताई. वरच्या मजल्यावरनं तर न्हाईच न्हाई. खाली यिवून, जवळ हुबं ऱ्हाऊन सांगावं लागतं. मान लागतो त्याला."

"म्हणजे?"

"म्हंजे मास्तर लोक वरनं परिंट सोडत्यात, खाली येत्यात, बगत्यात तर काय न्हाई. मंग हितं बसून परत सोडत्यात. मंग गुमान देतो."

मी जरा ओशाळून म्हणालो, "धनश्री, विज्ञान प्रदर्शनात आम्हाला तालुक्यात बक्षीस आहे, हे तुला सांगून ठेवतो."

ती हसली नाही. स्टाफरूममध्ये जाऊन तिनं स्टेला मॅडमना विचारलं, "मॅडम, प्रिंट एकच निघाली. पण तुम्ही सांगितलीत किती वेळा?"

"दोनदा. एकदा वरून, एकदा खाली येऊन. सगळेच दोनदा सांगतात." मग त्यांचा चेहरा बदलला. "का हो?"

धनश्रीनं लॅपटॉप उघडला. पडद्यावर आसपासच्या सगळ्या वायफायची यादी उमटू लागली: दवाखाना, दूध डेअरी, कुणाचं तरी 'फुकट्यांनो दूर व्हा'. त्यात 'शाळा ऑफिस' हे नाव होतं. आणि त्याच्याच खाली पुन्हा एकदा, 'शाळा ऑफिस'.

"शाळेत वायफायची यंत्रं किती आहेत?"

"एक," सत्यवान म्हणाला. "त्येबी मीच पुसतो."

"नाव काहीही ठेवता येतं. पण प्रत्येक यंत्राला कारखान्यातून एक क्रमांक मिळून येतो. ही दोन वेगवेगळी यंत्रं आहेत." तिनं दुसऱ्या नावावर बोट ठेवलं. "दोघांचं नाव एक, आणि मी आत्ता करून पाहिलं, पासवर्डही एक. हे दुसरं कुणाचं?"

४

ही बातमी अण्णासाहेबांपर्यंत जायला वेळ लागला नाही. ते स्वतःच आले.

"हे असतं काय?"

"चोराची जुनी युक्ती आहे," धनश्री म्हणाली. "तुमच्या वायफायचं नाव आणि पासवर्ड घेऊन तो आपलं यंत्र जवळपास लावतो. मोबाईल आणि लॅपटॉप भोळे असतात. ओळखीचं नाव दिसलं आणि ज्याचा आवाज मोठा, त्याच्याकडं जातात. मग तुम्ही धाडाल ते त्याच्या हातून जातं."

"पण पासवर्ड त्याला कळला कसा?"

"तुमचा पासवर्ड काय आहे, तुम्हीच सांगा."

"शाळेचं नाव आणि स्थापनेचं साल."

सगळ्यांनी खिडकीतून बाहेर पाहिलं. फाटकाच्या कमानीवर शाळेचं नाव आणि स्थापनेचं साल लाल ऑइलपेंटनं, ठळक, लिहिलेलं होतं.

धनश्रीनं धोपटीतून एक अँटेना काढला. कंगव्यासारखा चपटा, आणि ज्या दिशेला धरावा तिकडचंच ऐकणारा. ती पुढं, तिच्यामागं लॅपटॉप धरून मी, मग अध्यक्ष, मग सत्यवान. पडद्यावर उणे आकडे पळत होते. उणे जितकं कमी, तितकं यंत्र जवळ. ऑफिसात आकडा वाईट होता. जिन्यावर सुधारला. दहावीच्या वर्गात, रस्त्याकडच्या खिडकीशी, तो एकदम चांगला झाला.

"इथं तुमच्या स्वतःच्या वायफायचा आवाज क्षीण आहे," धनश्री म्हणाली, "आणि त्या दुसऱ्याचा मोठा. तो समोरून येतोय."

समोर, रस्त्याच्या पलीकडं, एक दुमजली इमारत आहे. वरच्या मजल्यावर भलाथोरला फलक: 'आदिनाथ सरांचे गणित क्लासेस. आमचे आयएमपी, तुमचे शंभर टक्के!' फलकावर आदिनाथ सर हाताची घडी घालून आमच्या शाळेकडं बघत होते.

"मला वाटलंच होतं," अण्णासाहेब म्हणाले. हे त्यांना काहीही झालं तरी वाटलेलंच असतं. पण या खेपेला मलाही वाटलं.

५

आदिनाथ सर फलकावरच्यापेक्षा बारीक निघाले. अण्णासाहेबांनी नमस्कार-चमत्कार न करता कागद त्यांच्यापुढं धरला.

"हे प्रश्न तुमच्या आयएमपीत आहेत का?"

"दोन आहेत."

"बघा!"

"अण्णासाहेब, ते दोन प्रश्न महाराष्ट्रातल्या प्रत्येक सराव परीक्षेत असतात. मी ते सांगायचं बंद केलं तर पोरं फी परत मागतील." मग त्यांचा आवाज चढला. "आणि स्टेला मॅडमचा पेपर मी कशाला चोरू? त्यांची पोरं त्यांच्याच हाताखाली पास व्हायला लागलीत. त्या शिकवायला लागल्यापासून माझ्याकडं निम्मेही येत नाहीत."

"मग त्यांना घालवायचं कारण आहेच की तुम्हाला!"

खरं सांगतो, त्या क्षणी माझा अहवाल मनातल्या मनात लिहून झाला होता.

धनश्रीचं आमच्याकडं लक्ष नव्हतं. ती अँटेना घेऊन वर्गात फिरत होती. "आदिनाथ सर, तुमचं वायफाय वेगळ्या नावाचं दिसतंय."

"माझ्या मुलीच्या नावाचं. सृष्टी."

"आणि 'शाळा ऑफिस'चा आवाज इथं वर आल्यावर कमी झालाय." ती वळली. "सर, आपण परत शाळेत जाऊ या. मला एक प्रिंट काढायचीय."

"आत्ता?" अण्णासाहेब ओरडले. "चोर पकडायचा का कागद छापायचे?"

दहावीच्या वर्गात स्टेला मॅडम आपला लॅपटॉप घेऊन आल्या. धनश्रीनं त्यांना, त्या दिवशी बसल्या होत्या तिथंच, खिडकीशी, बसवलं. मोठ्या अक्षरांत एक ओळ टाईप करायला लावली आणि प्रिंटची आज्ञा द्यायला सांगितली. खाली ऑफिसातून सत्यवान ओरडला, "काय आलं न्हाई! म्या सांगितलं न्हवतं का, जवळ यावं लागतं!"

"थांबा," धनश्री म्हणाली. "आता सगळ्यांनी खिडकीतून बाहेर बघा."

त्या कागदावर लिहिलं होतं: ज्याला हे पान मिळेल त्यानं बाहेर येऊन शाळेकडं हात हलवावा.

रस्ता रिकामा होता. एक टेम्पो गेला. मग आदिनाथ सरांच्या क्लासच्या बरोबर खालच्या दुकानातून एक बाई बाहेर आली, डोळ्यांवर हात धरून तिनं शाळेकडं पाहिलं, आणि दुसऱ्या हातातला कागद उंच धरून जोरजोरात हलवू लागली.

ती चांगुणा होती. रामची बायको. दुकानावर पाटी होती: 'झेरॉक्स, प्रिंट, ऑनलाईन फॉर्म'.

६

"मग? हलवू नको व्हय हात?" आम्ही सगळे दुकानात शिरल्यावर चांगुणाबाई म्हणाली. "शाळंतनं लिवून आलं, हलवा. म्या हलवला."

"शाळेतून आलं हे तुम्हाला कसं कळलं?" धनश्रीनं विचारलं.

"रोजच येतंय की. सर लोक तिकडनं धाडत्यात. मला वाटतं, शाळंतली शाई संपली असंल, येता-जाता नेत्याल. त्या टरेत ठिवते. काय जन नेत्यात. न्हाई नेलं तर धा-बारा दिस वाट बगते, मंग मालकाच्या गाडीवर जातंय."

"पण चांगुणाबाई," मी म्हणालो, "तुमच्या वायफायला शाळेचं नाव आणि शाळेचाच पासवर्ड का?"

तिनं माझ्याकडं अशी नजर टाकली की मी पुन्हा चौथीत गेलो.

"गुरुजी, सर लोक दुकानात येत्यात. फार्म भरायचा आसतो, काय धाडायचं आसतं. त्यांना पासवर्ड इचारायला लावायचा, हे बरं दिसतं का? पावन्याला उंबऱ्यात हुबं करून नाव-गाव इचारल्यावानी! म्या त्या गोरक्षला म्हनलं, शाळंचं जसं केलं तसंच माजं कर. सर दारात आले की त्यांचा मोबाईल आपला आपला लागला पायजे."

गोरक्ष म्हणजे गावातल्या सगळ्या कॉम्प्युटरांचा वैद्य. धनश्रीनं त्याला तिथूनच फोन लावला. त्यानं अभिमानानं सांगितलं की दोन्ही प्रिंटर एकाच खरेदीतले, आणि वायफायच्या आत त्यांना पत्ताही त्यानं एकच दिलाय. "लक्षात ठेवायला सोपं जातं, ताई. दुरुस्तीला गेलं की बघावं लागत नाही."

"म्हणजे असं झालं," धनश्री म्हणाली. "मॅडमनी गुपित राहावं म्हणून वरच्या वर्गात बसून प्रिंट सोडली. तिथं लॅपटॉपला या दुकानाचं वायफाय जास्त जोरात ऐकू आलं. नाव, पासवर्ड, प्रिंटरचा पत्ता, सगळं ओळखीचं. पेपर इथं छापला गेला. म्हणून त्याला काळी रेघ नाही. मॅडम खाली गेल्या. ऑफिसात शाळेचं वायफाय जोरात. तिथून पुन्हा सांगितलं, ते शाळेत छापलं. तुमचा प्रिंटर मानी नाही. वरून सोडलेला हुकूम त्याच्यापर्यंत पोचतच नव्हता."

सत्यवानचा चेहरा उतरला. दैवत गेलं की माणसाचं असंच होतं.

अण्णासाहेबांना मात्र हे पटेना. त्यांना गुन्हेगार हवा होता. "पण स्टेला मॅडमनी खात्री करायला नको? आपला कागद कुठं छापला जातोय हे ज्याला कळत नाही, त्याच्यावर संस्थेनं..."

"आण्णासायेब," चांगुणाबाई मध्येच म्हणाली, "तुमचं ते सव्वीस जानेवारीचं भाषान हुतं ना, त्येबी दोन येळा आलं हितं. तुमी वरच्या मजल्यावरनं धाडलं आसंल. म्या लई दिस ठिवलं. मंग काय करनार? मालक म्हनले, कागुद चांगला जाड हाय."

रस्त्यापलीकडून रामच्या कढईची चुरचुर ऐकू आली. मी भिंतीवरच्या कॅलेंडरकडं बघत राहिलो. आदिनाथ सर, बोलावलं नसताना खाली आलेले, तेही कॅलेंडरकडंच बघत होते.

"मॅडमचा काही दोष दिसत नाही," अण्णासाहेब शेवटी म्हणाले. "मला वाटलंच होतं."

चारची बैठक चारलाच सुरू झाली, कारण आता त्यात भांडायला काही उरलं नव्हतं. अहवाल धनश्रीनं तोंडीच दिला. "यात कुणाची नियत वाईट नव्हती. पण खऱ्या चोरानं अगदी हेच केलं असतं, आणि माझ्या यंत्राला दोन्ही सारखंच दिसलं असतं. म्हणून पासवर्ड आजच बदला, आणि कमानीवर नसलेला ठेवा. प्रत्येकाला स्वतःचं वेगळं लॉगिन द्या. लॅपटॉपना आपोआप कुठंही चिकटायची सवय मोडा. गोपनीय कागद असेल तर प्रिंटरला वायर जोडून काढा. आणि महिन्यातून एकदा कुणीतरी हे यादी दाखवणारं ॲप घेऊन शाळेत चक्कर मारावी. आपल्या यंत्राचा क्रमांक आपल्याला पाठ असला की पाहुणा लगेच ओळखू येतो."

चांगुणाबाईला नाव बदलायला सांगितलं. तिची एकच अट होती: नवीन पासवर्ड सर लोकांना ती स्वतः, तोंडानं, चहा पाजून सांगणार. बैठकीला ती रास्त वाटली. संस्थेनं आपली लेखी माफी मागावी, अशी मागणी आदिनाथ सरांनी केली. फलकावर लावायला, असं ते म्हणाले. ती मागणी पुढच्या बैठकीवर ढकलण्यात आली.

सोमवारचा पेपर अर्थातच नवा काढायचा ठरला. स्टेला मॅडमना कायम करण्याची शिफारस एकमतानं झाली आणि अण्णासाहेबांनी सही केली, जरा घाईनं, पण केली.

मॅडमना हे मीच जाऊन सांगितलं. त्या स्टाफरूमच्या दारात उभ्या होत्या. ऐकल्यावर त्या म्हणाल्या, "सर, मी तर कालच कपाट आवरून ठेवलंय." मग त्यांना हसू आलं, ते थांबेना, आणि हसता हसता पदरानं डोळे पुसावे लागले.

बाहेर व्हरांड्यातल्या बाकावर मार्थाबाई मांडीवर पर्स ठेवून बसल्या होत्या. लेकीबरोबर सकाळीच आल्या होत्या. बेलापूरच्या मिशनच्या शाळेत शिकलेल्या, ताठ बसणाऱ्या बाई. लेक धावत जवळ आली तशी त्यांनी विचारलं, "राहिलीस का?"

"राहिले, आई. कायम झाले."

मार्थाबाईंनी डोळे मिटले. ओठ हलले, प्रार्थना असावी, मोठी नव्हती. मग डोळे उघडून त्यांनी मला वरपासून खालपर्यंत पाहिलं.

"चौकशी समिती तुम्हीच का?"

"हो."

"सकाळपासून बसलेय मी इथं. सगळे माझ्यापुढून अँटेना घेऊन इकडून तिकडं, तिकडून इकडं गेले. एकानंही विचारलं नाही, बाई, चहा घेणार का?"

समितीनं आरोप मान्य केला. मी सत्यवानला हाक मारली.